बोट उजवीकडेच वळते

आइलर्टमामाला कॅमेऱ्याचा भारी तिटकारा. पण भाची युरुन उत्तर नॉर्वेतल्या आपल्याच गावच्या मासेमारांवर माहितीपट करायला निघाली आणि तिने हक्काने मामाचीच बोट मागितली. म्हातारा सगळा हंगाम कुरकुरला. "मासे धरू की तोंड रंगवून उभा राहू?" तरी रोज न चुकता दाढी करून यायचा.

माहितीपट तयार झाला तेव्हा गावच्या सभागृहात पाय ठेवायला जागा नव्हती. पडद्यावर मामाची बोट धक्क्यावरून सुटली आणि डावीकडे वळली. एकदम कालवा उठला.

"अगं, बंद कर ते!" शेजारची बोर्गहिल्ड ओरडली.

बंदर सोडताना इथे बोट उजवीकडेच वळते, सूर्य फिरतो तशी. उलटी वळलेली बोट परत येत नाही, हे शेंबडं पोरसुद्धा जाणतं. मामाचा चेहरा पांढराफटक पडला.

"मामा, दिसायला बरं म्हणून मी ते चित्र आरशातल्यासारखं उलटवलं," युरुन रडवेली झाली.

"दिसायला बरं? कार्टे, बुडवलंस की मला!"

तिने तिथेच लॅपटॉप उघडला आणि चित्र सुलटं करायला घेतलं. लोक कॉफी पीत बसून राहिले, एकही उठला नाही. पुन्हा दिवे मालवले. बोट उजवीकडे वळली, तसा मामा खुर्चीत सैलावला.

"हां, आता पुढचं दाखव," तो म्हणाला. "आता मी घरी येणार."