आधी कंगवा

माझी मैत्रीण नीला चित्रं काढते आणि माणसांच्या हक्कांवर माहितीपट करते. परवा तिच्यासोबत एका वस्तीत गेले होते. तिथली घरं आदल्याच दिवशी पाडली होती. ताडपत्रीखाली बसलेल्या सखूबाई कॅमेऱ्यासमोर बोलायला तयार झाल्या, पण म्हणाल्या, "थांबा, आधी केस विंचरते."

कॅमेरामन कुजबुजला, "ताई, ऊन उतरतंय. आहेत तशाच घेऊ की."

"स्वतःचा फोटो काढताना तू विंचरत नाहीस?" असं विचारून नीला विटांच्या ढिगावर निवांत टेकली.

वर्तमानपत्रातल्या फोटोंत घर गेलेल्या बाईचे केस नेहमी विस्कटलेले असतात. मला वाटायचं, दुःखच तसं असतं. पण कदाचित विंचरेपर्यंत थांबायला कुणी तयारच नसेल.

सखूबाईंनी शेजारणीकडून तेल आणलं, अंबाडा घातला, कुंकू लावलं. मग नीलाकडे निरखून बघत त्यांनी कंगवा पुढे केला. "तुम्हीपण विंचरा की बाई. काय ते झिपरं!"

नीलाने कंगवा घेतला. तिची वेणी होईपर्यंत सखूबाई थांबल्या. उरलंसुरलं ऊन त्यांच्या तेल लावलेल्या केसांवर चमकत होतं.

"हं," त्या म्हणाल्या, "आता विचारा."