घिवलीला टेलिफोनची गरज किती?

खात्यात कायम होण्यासाठी माझा एकच अहवाल मंजूर व्हायचा होता, आणि तो घिवलीकरांच्या हातात होता. घिवलीकरांच्या हातात त्या वेळी बोंबील होते.

ही साठच्या दशकातली गोष्ट. तारापूरला अणुवीज केंद्राचं बांधकाम चाललं होतं आणि त्यासाठी टेलिफोनचे खांब घिवलीवरून पुढे गेले होते. गावाने अर्ज केला, खांब आमच्या दारात, मग एक टेलिफोन आमच्या पोस्टातही बसवा. सरकारचं धोरण होतं, गरज असेल तिथे टेलिफोन. गरज आहे की नाही हे ठरवायला सर्वेक्षण, आणि सर्वेक्षणाला पालघरच्या कार्यालयातला सगळ्यात कच्चा माणूस, म्हणजे मी. "अहवाल पास झाला तर कायम, नाही तर घरी," साहेब म्हणाले. माझं लग्न नेमकं तिथेच अडलं होतं. 'हंगामी' एवढं कानावर पडलं तरी मुलीच्या वडिलांना ठसका लागायचा.

बोईसरला उतरून एसटीने घिवली गाठली. किनाऱ्यावर बायका दोरीवर बोंबील वाळत घालत होत्या. त्यांतल्या सगळ्यात मोठ्या आवाजाच्या मावशींपासून मी सुरुवात केली. फॉर्मवर रकाने होते: फोन कोणाला कराल, त्यांचा नंबर, महिन्यातून किती वेळा.

"मुरबे गावच्या नणंदेला," मावशी म्हणाल्या.

"किती वेळा?"

"रोज."

"रोज काय बोलणार?"

"भांडन हाय ना आमचं!"

"पण त्यांच्याकडे टेलिफोन आहे का?"

"आमाला देनार, तर तिला का नाय देनार?"

सरकारचं धोरण याहून स्पष्ट मला कोणी सांगितलं नव्हतं. मी 'रोज' लिहिलं. तेवढ्यात शेजारच्या दोरीवरून त्यांची जाऊ ओरडली, "मोठीचं लिवलं, नि धाकट्या नणंदेचं नाय?"

इथे माझा घात झाला. त्या गावात लग्नाचं आवतण घरोघर जाऊन देतात आणि एक घर चुकून राहिलं, तर दोन घरांमधलं बोलणं वर्षानुवर्षं बंद होतं. चारचौघांत कोणी नावं लिहायला बसला, की कोणाचं राहून जाता कामा नये, हे त्यांच्या हाडीमासी भिनलेलं. नावं धो धो येऊ लागली. साताऱ्याला एकदा भेटलेला बसचा कंडक्टर आला. एका म्हाताऱ्याने सासऱ्यांचं नाव सांगितलं. ते कुठे असतात विचारलं, तर म्हणाला, "गेले. पन मान हाय त्यांचा." मी मानही लिहून घेतला. फॉर्म संपले, तेव्हा दुकानदाराने पुड्या बांधायचे कागद दिले.

साहेबांनी ती चळत पाहिली, बेरीज केली, चष्मा पुसून पुन्हा केली. माझ्या अहवालाप्रमाणे घिवली अख्ख्या पालघरपेक्षा जास्त बोलणार होती. त्यांनी लाल पेन्सिलीने वर 'खोटा' असं लिहिलं. मी हातापाया पडलो, एकदा स्वतः येऊन बघा म्हणालो. कशी कोण जाणे, त्यांना दया आली.

दुसऱ्या दिवशी ती चळत घेऊन आमची जीप घिवलीत शिरली आणि गावाची समजूत झाली, की मोठा साहेब राहिलेली नावं लिहायला आलाय. बायकांनी जीपला वेढाच घातला. कोणाची आतेबहीण राहिली होती, कोणाचा मानलेला भाऊ. एकीने तर काल नाव दिलेली विहीण आता नको, ती कापा, असं बजावलं. साहेब कसेबसे एका उलट्या होडीवर जाऊन बसले.

"गप्प बसा!" ते ओरडले. "इतक्या लोकांना कोण फोन करतं? कोणाला असतात इतकी माणसं?"

बायका खरंच गप्प झाल्या. मावशींनी ओल्या हातांनी पदर खोचला नि पुढे येऊन विचारलं, "सायेब, तुमच्या घरी टेलिफोन हाय?"

"आहे."

"मंग तुमी कोनाला करता?"

"ऑफिसला."

"आनि मानसाला?"

मी इतका घाबरलो होतो, की मावशींचं तोंड दाबावंसं वाटत होतं. अखेर साहेब म्हणाले, "मुलगा दिल्लीला असतो. त्याला वेळ नसतो." नेहमी हुकूम सोडणारा हा माणूस हे असं म्हणाला, जणू त्याच्याकडून फाईल हरवली होती. मला फार वाईट वाटलं आणि त्याच वेळी माझी नोकरी गेली याचीही खात्री पटली.

मावशी माझ्याकडे वळल्या. "ये दादा, आमच्या घरात सायेबाचं नाव लिव. इसरशील."

मी पेन उघडलं. साहेबांनी पेन आणि ती चळत माझ्याकडून ओढून घेतली. आता फाडणार म्हणून मी डोळे मिटले. उघडले तेव्हा लाल 'खोटा'वर काट मारलेली होती आणि खाली 'मंजूर' लिहून सही केलेली होती. मी कायम झालो होतो. आनंदाने मी त्यांच्याकडे पेन परत मागितलं, पण त्यांनी ते दिलं नाही.

मावशींचा फॉर्म वर काढून ते शेवटच्या ओळीत स्वतःचं नाव लिहीत होते. त्यापुढे नंबरचा रकाना होता. अख्ख्या गावात तेवढाच एक खरा नंबर भरला गेला. तो कार्यालयाचा नव्हता, त्यांच्या घरचा होता.