‘तहाची बोलणी जेवणानंतर’ आणि आमचे परब सर

जयवंत परब सरांना मी पहिल्यांदा पाहिलं ते बोरीवलीतल्या एका शाळेच्या सभागृहात, स्टेजच्या पायरीवर बसून खारे दाणे खाताना. बँकेतल्या मैत्रिणीने मला नाटकाच्या निवडीसाठी ओढून नेलं होतं. मी खाडीपलीकडच्या गोराईची, ख्रिस्ती कुटुंबातली. घरची बोली वेगळी. वाचताना उच्चार घसरला आणि मागे कोणीतरी हसलं. सर शांतपणे म्हणाले, “हसायचं असेल त्यांनी बाहेर जा. फिलोमिना, तू घरी जशी बोलतेस तशीच बोल. मला आई हवीय, निवेदिका नको.”

ते नाटक म्हणजे ‘तहाची बोलणी जेवणानंतर’. निवृत्त सुभेदार बाप शेजारच्या सोसायटीशी भिंतीवरून युद्ध पुकारतो आणि डाससुद्धा न मारणारा मुलगा शत्रूला चहाला बोलावतो, अशी ती धमाल. माझी भूमिका आईची. एकाच स्वयंपाकघरात उभे असलेले बापलेक एकमेकांशी बोलत नाहीत, आणि ही बाई दोन पावलांवरून निरोप पोचवते. तालमीत आम्ही हसून लोळायचो.

ते सरांचंच घर होतं, हे आम्हाला नंतर कळलं. सरांचे वडील, आबा, खरोखरच सुभेदार. त्यांनी तरुणपणी सरांना भरतीला नेलं, तेव्हा छाती मोजून झाल्यावर सर अधिकाऱ्यांना म्हणाले होते, “मला कोणाला मारायचं नाही.” त्या दिवसापासून आबा मुलाशी जे काही बोलत ते सरांच्या आईमार्फत: “तुझ्या झिलाक सांग.” पुढे आई गेल्या. मग निरोप पोचवणारं कोणी उरलं नाही आणि घर गप्प झालं. त्या शांततेत सरांनी हे विनोदी नाटक लिहिलं.

प्रयोग जवळ आला तशी परिसरातली काही निवृत्त फौजी मंडळी चिडली. ती आबांकडे गेली. “साहेब, तुमच्याच मुलाने फौजेची टिंगल चालवलीय. तुम्ही फक्त हो म्हणा, आम्ही बंद पाडतो.”

आबा म्हणाले, “आधी बघतंय. मगे सांगतंय.”

दुसऱ्या दिवशी ते तालमीला आले, पहिल्या रांगेत ताठ बसले. आम्हा कोणाला धड संवाद आठवेना. शेवट झाल्यावर ते उठले आणि मधे कोणालाही न घालता थेट सरांना म्हणाले, “जयवंता, हो नाटकातलो बापूस खोटो. हो कधी भियणा नाय. मी रोज भियालंय.”

सरांनी खुर्ची पुढे केली. आबा बोलू लागले. सीमेवर धुक्यात झुडूप हललं, यांनी हुकूम सोडला आणि अख्ख्या तुकडीने गोळीबार केला. उजाडल्यावर पाहिलं तर बकरी. आम्ही खो खो हसलो. आबाही हसले, मग थांबले. “तिची धनीण रडत इली. म्हातारी. हातात बकरीक बांधूचा दावा.”

“मग तुम्ही काय केलंत, आबा?” सरांनी विचारलं.

“सल्यूट केलंय. दुसरा काय येय होता माका?”

सरांनी वही उघडली. मग म्हणाले, “हे नाटकात घेऊ?”

“घे. पण त्या म्हातारीक हसू नको.”

सरांनी तिसरा अंक नव्याने लिहिला. पहिल्या प्रयोगाला ती चिडलेली मंडळी आली, तेव्हा दारात छातीवर पदकं लावून आबा उभे होते. “आत बसा. संपल्यार मी हयच आसंय. काय ता माका बोला.” बकरीवर नाट्यगृह हसून कोसळलं आणि म्हातारी आली तसं चिडीचूप झालं. पडदा पडल्यावर त्या मंडळींतले सर्वांत वयस्क गृहस्थ आबांसमोर येऊन उभे राहिले. वाद होणार असं वाटलं. ते हळूच म्हणाले, “माझ्या वेळी म्हैस होती.” दोघं म्हातारे बाकावर बसले ते सभागृहाचे दिवे मालवेपर्यंत.

त्यानंतर परबांच्या घरी जेवताना रोज वाद होत. देश, युद्ध, सोसायटीची भिंत, सगळ्यावर. दोघांचंही मत शेवटपर्यंत बदललं नाही, पण आवाज मात्र जिन्यापर्यंत येई. आबा गेले त्या आठवड्यात सर मला म्हणाले, “आता भांडायला कोणी नाही गं.”

माझी आई आजारी असताना सरांनी दोन प्रयोग पुढे ढकलले आणि कारण कोणाला सांगितलं नाही. त्यांच्या चांगुलपणाचे असे अनुभव आमच्या नाट्यसंस्थेत प्रत्येकाकडे आहेत. यंदा ते नाटक पुन्हा उभं राहतंय आणि बापाची भूमिका सर स्वतः करताहेत. परवा तालमीनंतर घाम पुसत म्हणाले, “लिहिताना मला मुलगाच कळत होता.”

सर, तुमच्या गुडघ्यांना बळ मिळो, आवाज असाच खणखणीत राहो. तुम्हाला भरपूर, निरोगी आयुष्य लाभो, आणि त्यात रोज तुमच्याशी कडाडून भांडणारं, तुम्हाला जीव लावणारं माणूस ताटाच्या समोर बसलेलं असो.