चाल बघणारे गेणबातात्या

कऱ्हाटीच्या गेणबातात्यांना स्वतःची मुलगी नव्हती, त्यामुळे दुसऱ्यांच्या मुलींची चाल बघायचं काम ते निर्धास्त करत. भावकीत कुणाचंही लग्न ठरायचं असो, मुलगी बघायला तात्या हवेतच. पोहे खाऊन झाले, नाव-गाव-शिक्षण विचारून झालं, की ते मिशीवरून हात फिरवत म्हणायचे, "बाळ, जरा त्या दारापतुर चालून दाखव."

मुलगी खाली मान घालून चालायची आणि तात्या डोळे बारीक करून बघायचे, बैलबाजारात बघावं तसे. जळोचीच्या एका मुलीला त्यांनी लंगडी ठरवून नापास केलं. ती बिचारी मैत्रिणीच्या चपला घालून आली होती आणि त्या चावत होत्या. हे कळेपर्यंत तात्या दुसऱ्या घरचे पोहे खात होते.

अलीकडे मात्र त्यांच्याच पायांना मुंग्या यायला लागल्या होत्या. आधी बोटांना, मग तळव्यांना, मग पार घोट्यापर्यंत. तळव्यांची आग आग व्हायची. पुढं आगही थांबली आणि तात्यांना वाटलं, बरं झालं, दुखणं गेलं. त्यांना शुगर होती, गोळीही होती. ती आठवली तर घ्यायची आणि वर गुळाचा चहा प्यायचा. "गुळाला काय कुनी साखर म्हनत न्हाय," असं त्यांचं म्हणणं.

जमिनीवर पाय टेकला की कापसावर टेकल्यासारखं वाटे. एका सकाळी न्हाणीत तोंडाला साबण लावून त्यांनी डोळे मिटले आणि बादलीसकट आडवे झाले. दोष फरशीवर आला. फरशी बदलली. नव्या फरशीवरही डोळे मिटताच तात्या पडले, तेव्हा त्यांची बायको दगडाबाई म्हणाली, "आवं, फरशी बदलून झाली. आता पायाचं काय ते बघा."

"माज्या पायाला काय धाड भरलीया?" तात्या गरजले, पण दाराची चौकट धरूनच.

अशात पुतण्या ऋषिराजसाठी इंदापूरकडचं स्थळ आलं. मुलगी प्रतिक्षा, बारामतीच्या एका दवाखान्यात फिजिओथेरपिस्ट. तिच्या दारात गाडी थांबली आणि तात्या रुबाबात निघाले. त्यांच्या मते रुबाबात. बघणाऱ्याला दिसत होतं ते असं : पाय फाकलेले, नजर जमिनीला खिळलेली, आणि पावलं थपाथप आपटणारी. ओसरीच्या खांबापाशी प्रतिक्षा उभी होती. ती बघत राहिली, मग पोहे आणायला आत गेली.

चपला न काढताच ओसरीवरच्या खुर्च्यांत बसून पोहे झाले. तात्यांनी मिशीवरून हात फिरवला. "बाळ, चालून दाखव."

ऋषिराज मोबाइलमध्ये बघत होता.

"दाखवते की," प्रतिक्षा म्हणाली. "पण तात्या, तुमची एक चप्पल फाटकापाशीच राहिलीय. तुम्हाला कळलं न्हाय?"

तात्यांनी खाली पाहिलं. एक पाय चपलेत, एक उघडा. उघड्या पायाखाली रक्त. फाटकापासून ओसरीपर्यंत लाल ठसे उमटले होते. तळव्यात काचेचा तुकडा रुतला होता.

"दुखतंय का?"

"न्हाय," तात्या म्हणाले. पायाबद्दल ते पहिल्यांदाच खरं बोलले होते.

तिनं काच काढली, जखम धुऊन पट्टी बांधली. मग त्यांना उभं केलं. "पाय जुळवा. आता डोळे मिटा."

तात्यांनी डोळे मिटले आणि ते एका अंगाला कलले. प्रतिक्षानं दोन्ही हातांनी धरलं म्हणून वाचले.

"उंच-सखल जागा हाय हितली," ते पुटपुटले.

"जागा सपाट हाय तात्या. शुगरनं तुमच्या पायाच्या नसा गेल्यात. पाय कुठं टेकलाय ते त्या मेंदूला सांगतच न्हाईत. तुम्ही डोळ्यांनी बघून चालताय. डोळे मिटले की आधार संपला."

पडद्याआडून बायका वाकून त्यांचे पाय बघत होत्या. "लंगडतोय वाटतं," कुणीतरी कुजबुजलं. तात्यांच्या कानाला तसा काही त्रास नव्हता.

बारामतीला डॉक्टरांनीही तेच सांगितलं, वर चांगलं झापलं. गेलेली जाणीव बहुधा परत यायची नाही. शुगर आवरली तर बिघाड वाढायचा तरी थांबेल. जखम भरायला फार वेळ लागला. तात्या भिंतीला धरून तोल सांभाळायचे व्यायाम करू लागले. हातात काठी आली, पायात रुंद मऊ बूट आले. बूट परदेशी आहेत, असं ते विचारायच्या आधीच सांगत.

स्थळ मोडलं. प्रतिक्षानं निरोप धाडला : मुलगा बरा आहे, पण समोर चाललेलं त्याला खटकत नाही. गावात तात्यांनी सांगितलं, "पोरगी उद्धट निघाली. आमीच नको म्हनलं."

आता रोज संध्याकाळी दगडाबाई त्यांचे तळवे बघते, कुठं चिरलंय का, फोड आलाय का. "आना हिकडं," म्हणते, आणि तात्या निमूट पाय पुढं करतात. तिचा हात त्यांना जाणवत नाही. तिनं पाय केव्हा सोडला, तेसुद्धा खाली बघूनच कळतं.