लेकराचा कडू घास

दर्यापूर तालुक्यातल्या त्या गावात कोणाच्या घरी मयत झाली, की गोदाबाईच्या तव्यावर चार भाकरी जास्तीच्या पडायच्या. ज्या घरातलं माणूस गेलं, तिथं त्या दिवशी चूल पेटत नाही. शेजारीपाजारी भाकर-वरण घेऊन जातात आणि घरच्यांच्या तोंडात पहिला घास घालतात. तोच कडू घास. बाकीच्या बाया रिवाज म्हणून जायच्या. गोदाबाई मात्र कामाला निघाल्यासारखी जायची, पदर खोचून, आणि समोरचं माणूस जेवल्याशिवाय उठायचं नाही असं ठरवून.

दीड एकरात तिचा झेंडू होता, बांधाकडेनं शेवंती. पहाटे फुलं तोडायची आणि पहिल्या गाडीनं अमरावतीला पाठवायची, यात तिची तीस वर्षं गेली होती. शाळा तिसरीपर्यंत. पण दुःखाच्या घरी कसं बसावं, हे तिच्याइतकं गावात कोणाला कळत नव्हतं. ‘रडू नको’ असं ती म्हणत नसे आणि ‘कसं झालं’ असंही विचारत नसे. ती सुनेला सांगायची, “ज्याले सांगाचं थो सांगते. आपण घास भराले गेलो, पंचनामा कराले नाई.”

आणि एवढी जाणती बाई यंदा चुकली.

शेजारच्या पार्वताबाईची सून आरती सातव्याच महिन्यात बाळंत झाली. लेकरू अकरा दिवस अमरावतीच्या दवाखान्यात काचेच्या पेटीत होतं, मग गेलं. गोपालनं, आरतीच्या नवऱ्यानं, ते गावी आणून शेताच्या बांधावर पुरलं. दात न आलेल्या लेकराचा दहावा नसतो, तेरवी नसते, म्हणून कडू घासही नसतो. चौथ्या दिवशी अंगणात सडा पडला आणि गोपाल कापूस वेचायला गेला. गोदाबाई काही घेऊन गेली नाही. जावं असं तिच्या मनातसुद्धा आलं नाही.

नवव्या दिवशी पार्वताबाई तिच्या वावरात आली आणि फुलांच्या ढिगाशेजारी बसली.

“पोरगी जेवून नाई राहिली वं गोदा. च्यात बुडवून अर्धं बिस्कुट, बस. वरून दूध आलं तिले. छाती लुगड्यानं बांधून भिताडाकडे तोंड करून पडली राह्यते.”

“कोण कोण येऊन गेलं?”

लोक बरेच येऊन गेले होते. भगवंत महाराज येऊन म्हणाले, त्या जीवाचं मागच्या जन्मातलं तेवढंच बाकी होतं, ते भोगून तो सुटला. पार्वताबाईला त्यानं खरंच धीर आला होता. आरतीनं मात्र विचारलं, “त्याचं संपलं तं माहं कावून उरलं?” महाराज चांगले माणूस, ते हात जोडून उठले. नणंद म्हणाली, वय आहे तुझं, वर्षभरात दुसरं होईल. तालुक्याच्या दवाखान्यातला समुपदेशक धर्मपाल गाडीवर आला, खाली सतरंजीवर बसून बोलला. म्हणाला, दोषी वाटणं वेगळं आणि दोषी असणं वेगळं. गुरुवारी दवाखान्यात या, बोलू. आरतीनं मान हलवली, पण तो गुरुवार तसाच गेला.

“पोरगा चांगलं बोलला वं,” पार्वताबाई म्हणाली, “पण तिनं त्याले एक शबद नाई देल्ला.”

गोदाबाईचे हात थांबले. सगळे समजावायला गेले होते. जेवण घेऊन कोणीच गेलं नव्हतं, ती स्वतःसुद्धा नाही.

“उद्या मी कडू घास घेऊन येतो,” ती म्हणाली.

“लेकराचा कडू घास असते काय कुठी? गाव हासन. अन् पुढच्या लेकराले बाधते म्हंतेत.”

“पुढचं लेकरू उपाशी पोटात राह्यते काय वं? सुतक मोजाले कोणी आलं तं माह्याकडे धाडजो.”

दुसऱ्या दिवशी दुपारी टोपल्यात भाकरी आणि हातात वरणाचं पातेलं घेऊन गोदाबाई भर रस्त्यानं निघाली. मागच्या बोळीनं जाता आलं असतं. हापशीवर गीतांजली आणि चार बाया पाणी भरत होत्या.

“कोनाकडे वं मावशी? कोन गेलं?”

“आरतीचं लेकरू गेलं. दहा दिवस झाले. तुमाले मालूम नाई काय?”

हापशीचा दांडा थांबला. कोणी हसलं नाही.

आरती तशीच भिंतीकडे तोंड करून पडली होती. गोदाबाईनं ताट वाढलं आणि मांडी घालून बसली. आरती न वळताच म्हणाली, “मावशी, भूक नाई.”

“भुकेसाठी नाई आणलं. मयताच्या घरी आणतेत, तसं आणलं.”

आरतीनं वळून पाहिलं. “तुमी त्याले मयत म्हंता?”

“मंग काय म्हणू? तुह्या घरचं माणूस गेलं.”

“सगळे म्हंतेत, अजून माणूस कुठी झालं होतं थे.” ती उठून बसली. “तुमचं गेलतं काय एखांदं?”

“नाई. तिन्ही जित्ते हायेत. एक तं बोलतबी नाई माह्याशी.”

आरतीचा ओठ किंचित हलला. मग ती बोलायला लागली, तुटक तुटक. पेटीला हात घालायला भोक होतं. त्यातून बोट दिलं की तो धरायचा. सोडवून घ्यावं लागायचं. नर्सबाई ओरडायची. मग एकदम म्हणाली, “मी पऱ्हाटीचा भारा उचलला होता मावशी. त्याच्यानंच झालं काय?”

नाही म्हणून टाकणं सोपं होतं. गोदाबाई म्हणाली, “थे मले नाई समजत. धर्मपालले विचार, डॉक्टरनीले विचार, त्याइले समजते. मले जेवू घालता येते.”

तिनं भाकर वरणात कुस्करली आणि घास आरतीच्या तोंडाशी नेला. आरतीनं तो घेतला. चावता चावता तिला हुंदका आला, मग मोठ्यानं रडू आलं, घास तोंडात तसाच. गोदाबाईनं दुसरा घास कालवला आणि हातात धरून ठेवला. रडणं ओसरलं तेव्हा तो दिला, मग तिसरा. अर्धी भाकर संपली.

पार्वताबाई इतका वेळ दारात उभी होती. दहा दिवस आल्यागेल्याला तीच सांगत होती, की नशिबात नव्हतं. ती आत आली आणि सुनेशेजारी बसली. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

“मलेबी दे वं गोदा,” ती म्हणाली. “माहा नातू होता थो.”

गोदाबाईनं तिच्याही तोंडात घास घातला.

आरतीनं पदरानं नाक पुसलं. “मावशी, गुरुवार कधी हाय?”

“परवा.”

“दवाखान्यापर्यंत गाडीवर बसाची ताकद हाय काय माह्यात?”

“उद्या दोन्ही वखत जेवली तं येते ताकद,” गोदाबाई म्हणाली आणि ताटात उरलेली अर्धी भाकर तिच्याकडे सरकवली. ती आरतीनं स्वतःच्या हातानं मोडली.