बाटलीतलं रोगाचं बी

मनोंग तेलेस्फोरो छत्र्या दुरुस्त करायचे. त्याआधी जत्रेच्या तंबूत जादूचे खेळ करत ते पांगासिनान प्रांतभर फिरले होते. आम्ही सगळे त्यांना थोरल्या भावासारखं मनोंग म्हणायचो. तंबूतली एक सवय त्यांची गेली नव्हती. बोलताना दोन्ही तळवे उघडून दाखवायचे. जो न विचारता रिकामे हात दाखवतो, त्याच्या बाह्यांकडे मी बघते.

तरी त्या वर्षी मीच त्यांना घरी बोलावलं.

माझी धाकटी बहीण लुदिविना माझ्याजवळच राहायची, मला मनांग, म्हणजे ताई, म्हणायची; दोघीही विधवा. तिच्या छातीत गाठ निघाली. दागुपान शहरातल्या डॉक्टरांनी लवकर ऑपरेशन करा म्हणून बजावलं. ती गेली ब्रदर ओनोरियोकडे. चाकूशिवाय, नुसत्या बोटांनी अंग उघडून तो रोग बाहेर काढायचा. त्याच्या अंगणात परदेशी माणसांच्या बसगाड्या उभ्या असत. लुदिविना परतली ती एक बाटली घेऊन. आत स्पिरिटमध्ये काळपट गोळा आणि त्यात रुतलेला पांढरा दाणा. बाटली तिने बाळ येशूच्या मूर्तीपाशी ठेवली.

"गाठ अजून हाताला लागते," मी म्हटलं.

"ते टरफल आहे, मनांग. रोगाचं बी निघालं की टरफल विरघळतं."

"कोण म्हणतं असं?"

"ज्याने बी काढलं तो."

मी मनोंगकडे गेले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "रविवारी कोंबडी कापणार?"

"कापू."

"मग मी येतो. रक्त जपून ठेव."

आमच्याकडे कोंबडी कापताना बशीत मूठभर तांदूळ पसरून त्यावर रक्त धरतात. ते थिजलं की रश्शात सोडायचं. रविवारी ती बशी मी मनोंगच्या हवाली केली. त्यांनी मला स्वयंपाकघराबाहेर पाठवलं. हे मला आवडलं नाही.

बाहेर येऊन ते लुदिविनासमोर बसले. "गुडघा अजून छळतो का गं?"

"पायरी चढवत नाही."

त्यांनी तळवे दाखवले, तिला डोळे मिटून प्रार्थना म्हणायला सांगितली आणि ओल्या कापसाने गुडघा चोळू लागले. आवाज अगदी खाली आणून म्हणाले, "आता ऊब येईल."

"येतेय," ती म्हणाली.

"आता डोळे उघड."

त्यांच्या बोटांमधून लाल पाणी ओघळलं आणि तळव्यावर एक गोळा आला. मी हातभर अंतरावर होते. तरी तो कुठून आला ते मला दिसलं नाही. लुदिविना उठली, चालली, उकिडवीही बसली. "दुखत नाही."

"हा माझा तंबूतला खेळ, पोरी. मला देवाने काही दिलेलं नाही."

"पण दुखणं गेलं की."

"दुखणं माणसाचं ऐकतं. गाठीला कान नसतात."

तिने तो गोळा उचलून चिमटीत दाबला. तसला गोळा तिने जन्मभर रश्शात सोडला होता. आतून तांदळाचा दाणा निघाला. मग तिने उठून बाटली उघडली आणि रोगाचं बी नखाने चिरडलं. तेही तांदळासारखं पिठूळ निघालं.

"ओनोरियोच्या घरीही बशीत तांदूळ घालत असतील," मनोंग म्हणाले.

लुदिविना माझ्याकडे वळली. "तू बदललास हा दाणा. तुम्हा दोघांचं ठरलेलं होतं."

"मी बाटलीला हात लावलेला नाही."

"माझा गुडघा बरा झालाय. तेवढं मला कळतं."

त्या दुपारी ती जेवली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी चर्चच्या पायऱ्या चढताना तिचा गुडघा धरला. ती कठड्याला टेकून उभी राहिली.

"मनांग, काल गेलं होतं ना गं दुखणं? तुझ्यासमोर उकिडवी बसले मी."

"बसलीस."

"ओनोरियोकडेही मला असंच हलकं वाटलं होतं." तिने हात झग्याच्या गळ्यातून छातीशी, गाठीवर नेला आणि बराच वेळ तिथेच ठेवला. मग म्हणाली, "आत नको जायला. दागुपानची बस गाठू."

ऑपरेशननंतर मनोंग तिला भेटायला इस्पितळात आले. दारातूनच त्यांनी तळवे दाखवले.

"आधी बाह्या वर करा," लुदिविना उशीवरूनच म्हणाली.

त्यांनी बाह्या वर केल्या.