दादाचा परवलीचा शब्द

दादा गेल्याचं वहिनीनं फोनवर सांगितलं, तेव्हा मी इंदापूरच्या घरी भाकरी थापत होते. मी म्हणाले, "अगं, तो तर दिल्लीला चर्चासत्राला गेलाय." पलीकडून हुंदका आला. "न्हाय वन्सं. म्हैनाभर पुण्यात दवाखान्यातच हुते. मला शपथ घातली हुती." म्हणजे दिल्लीचं चर्चासत्र खोटंच. 'गोपनीय काम हाय, फोन बंद असंल' असं सांगताना माझ्या सख्ख्या भावाची जीभ जराही अडखळली नव्हती.

मोरगावच्या माळावर शेळ्यांमागं फिरलेला दादा पुढं युद्धशास्त्राचा अभ्यासक झाला. बारामतीला कॉलेजात मुलांना सांगायचा, आता शत्रूला सरहद्द ओलांडावी लागत नाही, तो तुमच्या खिशातल्या मोबाइलमधून घरात येतो. मला त्यातलं निम्मं कळायचं नाही आणि कळेपर्यंत तो सोडायचा नाही. एका भाऊबीजेला त्यानं मोबाइल माझ्या कानाला लावला. "बायडे, मी दादा बोलतोय, लौकर ये." हुबेहूब त्याचा आवाज... आणि हा समोर बसून लाडू खातोय! आवाज यंत्रानं बनवलेला होता. "माज्या आवाजावर बी इश्वास ठिवायचा न्हाय," तो म्हणाला. मग आम्हा दोघांचा एक परवलीचा शब्द ठरला. अनोळखी नंबरवरून कुणी दादा म्हणून बोललं, तर आधी शब्द विचारायचा. आणि परक्या माणसादेखत तो कधी उच्चारायचा नाही.

तो गेला त्याच्या आदल्या संध्याकाळी असाच फोन आला. आवाज खोल गेलेला. "बायडे, मी दादा. पुण्याला ये की गं."

"आधी शब्द सांगा."

"आत्ता न्हाय सांगता येत."

"मग ठेवा फोन!" मी ठणकावलं. जेवताना नवऱ्याला फुशारकीनं सांगितलंसुद्धा, आज एका भामट्याला कसं पळवून लावलं ते.

सगळं आटोपल्यावर वहिनीकडून कळलं. वहिनीचा मोबाइल बंद पडलेला, म्हणून फोन नर्सचा होता आणि ती शेजारीच उभी होती. "मी म्हणलं, सांगा की शब्द. तर म्हणले, लोकांदेखत सांगायचा नसतो. बायडी बरूबर वागली, सकाळी तू फोन कर." त्याची सकाळ उजाडलीच नाही.

लोक म्हणतात, केवढा शिस्तीचा माणूस! असेल. मला मात्र त्याचा राग येतो. माझ्याशी खोटं बोलताना याला कुठला नियम आडवा आला नाही, आणि मला बोलावताना बरा आठवला. देशाचं रक्षण शिकवणाऱ्यानं बहिणीला दाराबाहेर ठेवलं, आणि दार लावायला हातही माझाच वापरला.

अजून अनोळखी नंबर आला की तोंडून आधी निघतं, "शब्द सांगा." परवा गॅसवाल्यालाही विचारलं. "कुटला शब्द, काकू?" म्हणत तो बिचारा गोंधळला.

दादा, आता तो शब्द मीच छापून टाकते, सगळ्या गावादेखत. भिंगरी. मोरगावच्या आपल्या शेळीचं नाव. आता कुणीही मला फसवू दे. तुझ्या आवाजात कुणी नुसतं 'बायडे' म्हणालं, तरी मी फोन ठेवणार नाही.